परक्या घराच्या त्रेचाळीस किल्ल्या

४ सप्टेंबर, बुधवार

आज सकाळी दहा वाजता मला एक घर मिळालं. माझं नव्हे. चौदा खोल्या, दोन जिने, मागे बाग आणि त्रेचाळीस किल्ल्यांचा एक जुडगा.

कामाची नोंद सरकारी वहीत केली आहेच. पण त्या वहीत फक्त घडलेलं लिहायचं असतं. इथे बोलायला माणूस नाही, म्हणून उरलेलं या वहीत.

आपल्या देशाने शंभर वर्षांत कुणाच्याच भांडणात भाग घेतलेला नाही. त्यामुळे दोन देशांचं बोलणं बंद झालं की मधले म्हणून आपल्याला बोलावतात. मी ज्या देशात नेमणुकीवर आहे त्याचं नदीपलीकडच्या देशाशी परवा पुरतं बिनसलं. सोपं जावं म्हणून मी यांना ‘इथले’ आणि त्यांना ‘पलीकडचे’ म्हणेन. पलीकडच्यांचे राजदूत आज कुटुंबकबिल्यासह निघून गेले. त्यांचा रिकामा दूतावास सांभाळायचं काम आपल्याकडे आलं. आपल्याकडे म्हणजे माझ्याकडे. आमच्या दूतावासातल्या सचिवबाई म्हणाल्या, "तराजू, हे काम तुमचंच. तुमच्याबद्दल अजून कुठल्याच बाजूने तक्रार आलेली नाही." कचेरीत मला तराजू म्हणतात. मला त्याचं वाईट वाटत नाही.

राजदूतांनी जुडगा माझ्या हातात ठेवला. त्यांना काही बोलायचं होतं. शेवटी एवढंच म्हणाले, "वरच्या न्हाणीघराचं दार अडकतं. थोडं उचलून उघडा." मग गाडीत बसले. मी पावतीवर सही केली.

फाटकाजवळच्या खोलीत खाट टाकली आहे. आईने दिलेली देवाची तसबीर, तळहाताएवढी, खिडकीत ठेवली. दुसऱ्याच्या घरात आपला देव ठेवावा का, असं क्षणभर वाटलं. मग म्हटलं, तो तरी कुठे कुणाची बाजू घेतो.

९ सप्टेंबर, सोमवार

दर सोमवारी सगळ्या खोल्या उघडायच्या, तासभर वारा द्यायचा, पुन्हा कुलूप. आज यादीही पुरी केली. टेबलं एकवीस. घड्याळं सहा, त्यांतली चार चालू. एका खोलीत खाटेखाली लहान मुलाचा निळा बूट, एकच. यादीत लिहिलं : ‘बूट, लहान, निळा, नग एक.’ होता तिथेच परत ठेवला. आदेश आहे, ‘जसं आहे तसं ठेवणे’.

जिन्याच्या वळणावर कुंडीत एक झाड आहे. आता ‘जसं आहे तसं’ म्हणजे पाणी घालायचं की नाही? घातलं तर वाढेल, नाही घातलं तर मरेल. दोन्हींत बदल झालाच. सचिवबाईंना लेखी विचारलं.

१३ सप्टेंबर, शुक्रवार

सचिवबाईंचं लेखी उत्तर आलं : ‘झाड जिवंत असल्यास जिवंत ठेवावे. मेल्यास तसे कळवावे.’ खाली पेनाने लिहिलं होतं, ‘तराजू, जरा माणसासारखं वागा.’

पाणी घातलं.

१७ सप्टेंबर, मंगळवार

फाटकाबाहेर इथल्यांचा एक पहारेकरी बसतो. घराकडे लक्ष ठेवायला म्हणे, म्हणजे माझ्याकडेच. मिशा एवढ्या की मी मनात त्याचं नाव मिशी ठेवलं आहे. त्याने मला किल्लेदार करून टाकलं.

"काय किल्लेदार, गड शाबूत?"

"शाबूत."

"आत भुतं बितं?"

"यादीत नाहीत."

तो इतका हसला की स्टूल डगमगलं. त्याला फाटकाच्या आत यायला मनाई आहे आणि मला उगाच बाहेर रेंगाळायला. म्हणून आम्ही गजांमधून बोलतो.

आज पहिल्यांदा पत्रांसाठी माणसं आली. पलीकडची शे-दीडशे माणसं या शहरात अडकली आहेत. त्यांचं टपाल आता माझ्यामार्फत जातं आणि येतं. पत्र एकच पान, उघडं, दोन्हीकडच्या तपासनिसांनी वाचलेलं. माझ्याकडे एक गोल शिक्काही आहे. कुणाला एकट्याने नदी ओलांडायची असेल तर दोन्ही सरकारांची लेखी संमती हातात आल्यावर मी प्रवासपत्रावर तो उमटवायचा.

टपालासाठी मी माझी एक रीत पाडली आहे. पलीकडून थैली आली की लगेच वाटायची नाही. इथून जाणारी थैली तपासणी कचेरीतून सुटून आली की एकाच दिवशी ती पाठवायची आणि ही वाटायची. म्हणजे वहीच्या दोन्ही रकान्यांत एकच तारीख पडते आणि कुणी झुकतं माप म्हणू शकत नाही. सचिवबाईंनी वही पाहून मान डोलावली.

गावच्या शाळेत गुरुजी एक आणि वर्ग चार होते. खेळात दोन बाजू पाडल्या की शेवटी मी उरायचो. गुरुजी म्हणायचे, "तू पंच." मला तेव्हापासून हा मान मिळत आला आहे.

२ ऑक्टोबर, बुधवार

घरून दोन पत्रं. एक हिचं, एक लेकीचं. वेगळ्या पाकिटांत, कारण मायलेकींचं बोलणं नाही. लेकीने मागच्या वर्षी आपल्या मनाने लग्न केलं. मुलगा चांगला आहे, पण पहिली बायको गेलेली आणि पदरात तीन वर्षांचं पोर. ही म्हणाली, "माझ्या लेकीने दुसरीचं अर्धवट राहिलेलं घर का निस्तरायचं?" आणि दार बंद केलं. दोघींनी माझ्याकडे पाहिलं होतं. मी म्हणालो, "दोघींचंही म्हणणं ऐकलं." तेव्हापासून दोघी मला वेगवेगळं लिहितात. दोघींशी माझे संबंध चांगले आहेत.

हिने लिहिलंय की गुडघा दुखतो, छत गळत नाही, आणि ‘लोकर आणली आहे. लहान मापाचा स्वेटर विणतेय. कुणासाठी ते विचाराल तर सांगेन.’ शेजारच्यांच्या नातवासाठी असावा. विचारलं नाही.

दोघींना संध्याकाळी उत्तरं लिहिली. अकरा ओळी हिला, अकरा तिला. एकाच पेटीत टाकली.

१५ ऑक्टोबर, मंगळवार

दर मंगळवारी एक शिवणकाम करणाऱ्या बाई येतात. साठी उलटलेली. मूळच्या पलीकडच्या, लग्न होऊन इथे आल्या, नवरा वारला, कागदावर मात्र अजून पलीकडच्याच. लेक पलीकडे आहे, सात वर्षांनी दिवस राहिलेत, नोव्हेंबरच्या अखेरची तारीख दिली आहे.

आज त्यांचं पत्र नव्हतं. तरी बसल्या. माझ्या कोटाकडे बघत म्हणाल्या, "भाऊ, अस्तर लोंबतंय."

"चालतंय."

"तुम्हाला चालतंय हो, मला बघवत नाही. काढा."

नियमाने कुणाकडून काही घ्यायचं नाही. तसं म्हणालो. त्या म्हणाल्या, "घेताय कुठे? अस्तर तुमचंच, कोट तुमचाच. दोरा तेवढा माझा." दोरा तपकिरी होता, अस्तर काळं. काम करता करता सांगत होत्या, लेकीची सासू नाही, नवरा तीन पाळ्यांत कामाला. "पहिलं बाळंतपण, आणि उशाशी कोण? भिंत."

वीस नोव्हेंबरला दोन्हीकडून एकेक बस पुलापर्यंत जाणार आहे. इकडून चाळीस माणसं, तिकडून चाळीस. मोजून. त्यासाठी त्यांचा अर्ज मी महिन्याच्या सुरुवातीलाच पलीकडे पाठवला आहे.

"होईल ना हो?" त्यांनी विचारलं.

"अर्ज नियमात आहे," मी म्हणालो.

"मी काय विचारलं आणि तुम्ही काय सांगितलंत," म्हणाल्या आणि दाताने दोरा तोडला.

त्या गेल्यावर घर फार मोठं वाटलं.

२९ ऑक्टोबर, मंगळवार

लेकीचं पत्र आलं. हिचं नाही आलं.

लेक लिहिते : ‘बाबा, तुम्ही ओळी मोजता का? आईला आलेल्या पत्रातही अकराच आहेत. मला कौतुक नको, आशीर्वादही नको. एकदा फक्त सांगा, मी चुकले की बरोबर? चुकलीस म्हणालात तरी चालेल. तुमच्याशी भांडता तरी येईल. महिन्याभरात आम्ही इथून हलतोय, यांची बदली झाली. त्याआधी लिहा.’

ओळींचं तिला कसं कळलं कोण जाणे. अंदाजाने लिहिलं असेल. लहानपणापासून चलाख आहे.

उत्तर लिहायला घेतलं आणि थांबलो. हिचं पत्र आलेलं नसताना तिला उत्तर गेलं तर तो एक प्रकारे कौलच होईल. हिचं आलं की दोघींना मिळूनच लिहीन. पत्र टेबलाच्या खणात ठेवलं.

६ नोव्हेंबर, बुधवार

वर्तमानपत्रात आलं आहे की आपलं सरकार इथल्यांशी करार करणार. मदतीचा, संरक्षणाचा, सगळ्याचाच. मिशीने गजांतून हात घालून माझा हात हातात घेतला.

"किल्लेदार! आता तुम्ही आमचे!"

"अजून सही झाली नाही."

"अहो, साखरपुडा झाला म्हणजे लग्न ठरलंच की. शंभर वर्षं बिनलग्नाचे राहिलात, आता तरी संसाराला लागा."

मी हसलो. पण आत येऊन बराच वेळ जिन्यात बसून होतो. आमच्या गावात एक म्हातारा होता, कधी कुणाच्या अध्यात ना मध्यात. सगळे त्याला देवमाणूस म्हणायचे. तो गेला तेव्हा खांदा कुणी द्यायचा यावर खल झाला, कारण तो कुणाचाच नव्हता. आज इतक्या वर्षांनी तो का आठवला कळत नाही.

झाडाला नवीन पान फुटलं आहे. कळवायची गरज नाही.

१२ नोव्हेंबर, मंगळवार

बाई सकाळी येऊन गेल्या आणि दुपारी पलीकडची थैली आली. चुटपुट लागली. पण इथली थैली तपासणी कचेरीत अडकली आहे, तिथला तपासनीस आजारी. रीतीप्रमाणे आलेली थैली खणात ठेवली.

१६ नोव्हेंबर, शनिवार

बाई आज वार सोडून आल्या. धाप लागली होती. माझ्या टेबलासमोर बसल्या. "बसला चार दिवस राहिले. काही आलं का?"

"टपाल अजून वाटपाला निघालेलं नाही," मी म्हणालो. हे खोटं नव्हतं.

"तुम्ही सांगाल ते खरं," म्हणाल्या. पाणी प्यायल्या आणि गेल्या.

खण उघडावा असं मनात आलं. एकीसाठी उघडला तर थैलीतल्या उरलेल्या तीसजणांनी काय पाप केलं? देवापुढे दोन मिनिटं बसलो. तो काही बोलला नाही. तो माझ्यासारखाच आहे.

१९ नोव्हेंबर, मंगळवार

इथली थैली सुटली. ती पाठवली, ही फोडली. वहीत दोन्ही रकान्यांत एकोणीस तारीख.

बाईंचा कागद होता. बसमध्ये त्यांची जागा मंजूर. ‘अर्जदाराने अठरा तारखेपर्यंत स्वीकृती कळवावी, अन्यथा जागा पुढील अर्जदारास दिली जाईल.’

दोनदा वाचलं. मग दाराशी त्या होत्या, वार मंगळवार होता.

मी म्हणालो, "आजच वाटपाला निघालं."

त्यांनी वाचलं. काल, एवढंच म्हणाल्या. काल.

मग घडी घालून पिशवीत ठेवलं आणि म्हणाल्या, "तुमचा तरी काय दोष? टपालच उशिरा आलं."

मी मान हलवली. कशासाठी हलवली ते इथेही लिहिता येत नाही.

२० नोव्हेंबर, बुधवार

बस गेली. चाळीस माणसं. मोजून.

२१ नोव्हेंबर, गुरुवार

करारावर सही झाली. एक डिसेंबरला दुपारी बारा वाजल्यापासून आपण मधले नाही. हे घर तिसऱ्या एका देशाकडे जाईल, जो अजून मधला आहे. तोवर माझा शिक्का चालतो.

कचेरीत पेढे असल्यासारखं वातावरण होतं, नुसते पेढे तेवढे नव्हते. सचिवबाई मात्र खिडकीशी उभ्या होत्या. म्हणाल्या, "आता आपल्याला मतं असणार, तराजू. सवय करा."

२४ नोव्हेंबर, रविवार

जेवण गेलं नाही. दिवसभर घरातून फिरलो. निळा बूट हातात घेतला आणि परत ठेवला.

२६ नोव्हेंबर, मंगळवार

बाई आल्या. पत्र मागायला नव्हे. तोच कागद पुढे ठेवून म्हणाल्या, "भाऊ, हे खाली बारीक काय लिहिलंय? माझ्या चष्म्यातून मुंग्या दिसतात नुसत्या."

खाली लिहिलं होतं : ‘बसमधील जागा न मिळाल्यासही प्रवेशाची संमती तीस नोव्हेंबरपर्यंत ग्राह्य.’ म्हणजे पलीकडच्यांची लेखी संमती त्यांच्या पिशवीत आठवडाभर पडून होती. मी त्या दिवशी तिथवर वाचलंच नव्हतं. लाजेने नजर वरच्याच ओळीवर अडकली होती.

मग मला राहवलं नाही. म्हणालो, "बाई, तुमचा कागद बारा तारखेलाच आला होता."

त्यांनी बोटांवर मोजलं.

"सात दिवस?"

"सात."

"कुठे होता?"

"या खणात."

"त्या शनिवारी मी इथेच बसले होते."

"हो."

"म्हणजे माझ्या गुडघ्यापासून हातभर."

मी रीत समजावून सांगितली. दोन थैल्या, एक तारीख, झुकतं माप नको. सांगताना माझ्याच कानाला ते कसंतरी लागत होतं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "सारखं वाटलंत हो भाऊ. उशीर सगळ्यांना सारखा वाटलात."

रडल्या नाहीत, ओरडल्याही नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. दाराशी जाऊन वळल्या. "लेकीचे दिवस भरलेत. तुम्हाला लेक आहे का?"

"आहे."

"मग तिच्याशी तरी असं करू नका."

२७ नोव्हेंबर, बुधवार

एवढ्या वर्षांच्या नोकरीत पहिल्यांदाच एका बाजूकडे एका माणसासाठी काही मागायला गेलो. इथल्यांच्या परराष्ट्र कचेरीत, तिसऱ्या मजल्यावर. अधिकारी वयाने माझ्याएवढेच. उठून उभे राहिले, खुर्ची ओढली. मधला होतो तेव्हा कधी कुणी खुर्ची ओढली नव्हती.

"बोला, आता तुम्ही घरचे."

सगळं सांगितलं. ते म्हणाले, "एक म्हातारी ना? जाऊ दे. पुलावर मी फोन करून ठेवतो."

"लेखी संमती मिळेल?"

"लेखी मागाल तर फाइल वर जाईल. तीन आठवडे." ते हसले. "आणि घरच्यांना कुणी लिहून देतं का? शब्द दिला की झालं."

"आणि फोन राहून गेला तर?"

"मग म्हातारी परत येईल आणि तुमचा शिक्का गोत्यात येईल. माझं काय जातंय?"

जिना उतरलो. परक्याला कागद मिळतो, घरच्याला शब्द. कोणता जास्त टिकतो हे मला माहीत नाही. मी आजवर कागदावरच जगलो.

२८ नोव्हेंबर, गुरुवार

सकाळी अंघोळ करून देवापुढे बसलो. काही मागितलं नाही. फक्त सांगितलं की आज मी असं असं करणार आहे.

मग बाईंना बोलावून घेतलं आणि प्रवासपत्रावर शिक्का उमटवला. वहीत नोंद केली. पलीकडील संमती : क्रमांक, तारीख. इथली संमती : तो रकाना कोरा सोडला. ‘तोंडी’ असं लिहायला पेन उचललं होतं, पण त्या अधिकाऱ्यांनी शब्द घरच्याला दिला होता, वहीला नव्हे.

बाईंनी प्रवासपत्र घेतलं. आभार मानले नाहीत, तेच योग्य होतं. कोटाकडे बघून म्हणाल्या, "दुसरी बाजूही उसवतेय. कुणाकडून तरी घालून घ्या टाका."

पुलापर्यंत कसं जायचं हा प्रश्न होता. मिशी गजांतून ऐकत होता. म्हणाला, "उद्या माझी सुट्टी आहे. मेव्हण्याची गाडी आहे. आणि माझी सासरवाडी त्याच रस्त्यावर."

"पुलाजवळ?"

"पुलाजवळ नाही. पण रस्ता तोच, उलटा."

३० नोव्हेंबर, शनिवार

मिशी नेहमीच्या वेळी स्टुलावर. मी फाटकाशी जाऊन उभा राहिलो.

"किल्लेदार, मी काल सासरवाडीला गेलो होतो. मी काही पाहिलं नाही."

"बरं."

"आता पाहिलं नाही ते सांगतो. चौकीवाल्यांनी कागद उलटापालटा केला. म्हणाले, आमची संमती कुठाय? मी म्हटलं, झालं, गडी बाद. तेवढ्यात आतला फोन वाजला. तो तुमच्या साहेबाचा होता की चौकीवाल्याच्या बायकोचा, देव जाणे. तो बाहेर आला आणि म्हणाला, जा. म्हातारी चालायला लागली. पिशवी या हातातून त्या हातात घेत घेत. अर्ध्या पुलापर्यंत दिसली. पुढे धुकं."

"मागे वळून पाहिलं?"

"कशाला पाहील? तिकडे लेक आहे, इकडे आपण."

१ डिसेंबर, रविवार

पावणेबाराला नवा सांभाळणारा आला. तरुण मनुष्य, कडक इस्त्री. यादी ताडून पाहिली. टेबलं एकवीस, बूट एक. चालू घड्याळं सहा. ‘यादीत चार आहेत,’ तो म्हणाला. दोन मी ऑक्टोबरात दुरुस्त केली होती. जसं आहे तसं ठेवलं नाही, हे कबूल केलं.

सचिवबाई वही चाळत होत्या. बोट थांबलं.

"हा रकाना कोरा आहे."

"हो बाई. कोराच आहे."

"राहून गेलं?"

"नाही."

त्यांनी चष्मा काढला. "तुमच्याकडून खुलासा मागवावा लागेल. कळतंय ना?"

"कळतंय."

"तराजू, तुम्ही?" एवढंच म्हणाल्या आणि वही मिटली.

बारा वाजता जुडगा त्या तरुणाच्या हातात दिला. काहीतरी सांगावंसं वाटलं. म्हणालो, "वरच्या न्हाणीघराचं दार अडकतं. आणि जिन्यातल्या झाडाला एक दिवसाआड पाणी."

३ डिसेंबर, मंगळवार

परत बोलावणं आलं. सामान बांधताना, रविवारी त्या खणातून कागदांसोबत उचलून आणलेलं लेकीचं पत्र हाती लागलं. ‘महिन्याभरात आम्ही इथून हलतोय. त्याआधी लिहा.’ तारीख बघितली. एकोणतीस ऑक्टोबरला आलं होतं.

खुर्चीवर बसलो तो बसलोच.

हिचं पत्र अजून आलेलं नाही.

९ डिसेंबर, सोमवार

मायदेशी पोचलो, पण घरी न जाता आधी लेकीच्या घरी गेलो. ती राहायची ते शहर वाटेवरच आहे. दाराला परकं कुलूप. शेजारीण म्हणाली, "गेले की हो पंधरवड्यापूर्वी. पत्ता? नाही ठेवला. पोस्टमनला मात्र रोज विचारायची पोरगी."

मग घरी. हिने दार उघडलं. "वाळलात," म्हणाली आणि आत गेली. जेवताना चौकशीचं सांगितलं, बढती थांबेल म्हणालो. "असू दे," म्हणाली.

पुलापलीकडची बातमी मला आता कधीच कळणार नाही. तिकडचं टपाल मधल्या देशांतूनच येतं आणि आपण मधले राहिलो नाही. मुलगा झाला की मुलगी, बाई वेळेवर पोचल्या की नाही, काही नाही. कोटाच्या काळ्या अस्तरात तपकिरी दोरा आहे तेवढा.

हात धुऊन मी हिला विचारलं, "पोरीचा नवा पत्ता कुणाकडे मिळेल?"

ही भांडी आवरत होती. हात थांबले. "माझ्याकडे आहे."

"तुझ्याकडे?"

"तुम्ही त्या रिकाम्या घरात राहायला गेलात त्याच महिन्यात दारात येऊन उभी राहिली. खांद्यावर ते पोर झोपलेलं. काय करणार होते मी? त्याचे पाय लोंबत होते."

"मला कळवलं नाहीस."

"स्वेटर कुणासाठी विणतेय हेसुद्धा विचारलं नाहीत तुम्ही. आम्ही दोघी तुमची पत्रं शेजारी शेजारी ठेवून वाचायचो. मग ठरवलं, आता मी लिहायचं नाही. बघू तुम्ही आपणहून कुणाला लिहिताय का."

मी उभा होतो.

"पत्ता दे."

"तिने बजावलंय, बाबांनी मागितला तरच द्यायचा. आणि कशाला हवा ते विचारून."

"तिचं बरोबर होतं, हे सांगायला."

"आणि माझं?"

पूर्वी इथे मी काय म्हणालो असतो ते मला पाठ आहे. तोंडापर्यंत आलंही.

"तुझं चुकलं होतं," मी म्हणालो.

हिने माझ्याकडे असं पाहिलं, जसं अनोळखी माणूस घरात शिरल्यावर पाहतात. मग पदराने हात पुसले. "हे तेव्हा म्हणाला असतात तर कडकडून भांडले असते तुमच्याशी."

"माहीत आहे."

"नाही माहीत. मी भिंतीशी भांडत बसले वर्षभर."

आत जाऊन कागद आणि वर्तमानपत्रात गुंडाळलेला स्वेटर घेऊन आली. दोन्ही माझ्यासमोर ठेवलं. बाह्या थोड्या लांब आहेत, वाढत्या अंगाच्या. सकाळी सातची गाडी आहे, नऊ तासांचा प्रवास.

"तू येतेस?"

"नाही. माझं झालंय जाऊन. तुमचं राहिलंय, तुम्हीच जा."

आणि मग, दिवा मालवायच्या आधी, पाठमोरी असताना : "कोट काढून ठेवा. दुसरी बाजू उसवलीय."

ती आत्ता टाका घालतेय. काळ्या दोऱ्याने.